काठीला लागलं होतं का?

खेळांशी माझा संबंध तसा बेताचाच. शाळेत लंगडीत पहिल्या फेरीत बाद, कॉलेजात कॅरम, नोकरीत टेबल टेनिस (तेही जेवणानंतरची झोप घालवायला). क्रिकेट बघतो, पण शेजारी कुणीतरी समजावून सांगणारं लागतं. अशा माणसाने कनू स्लालम नावाच्या खेळावर आणि त्यातल्या एका फ्रेंच गृहस्थावर अख्खा शनिवार घालवावा, हे बायकोला अजिबात पटलेलं नाही. "तुला साधं पोहता तरी येतं का?" असं मघाशी विचारून गेली. येतं की. कराडला कृष्णेत शिकलो. पाठीला पत्र्याचा डबा बांधून दादाने शिकवलं. दादाचा मुद्दा पुढे येईलच. खरं तर त्याच्यासाठीच हे सगळं लिहायला बसलोय.

तर हे फ्रेंच गृहस्थ म्हणजे टोनी एस्टांगे. 2024 चं पॅरिस ऑलिम्पिक बघितलं असेल तर चेहरा नक्की आठवेल. आयोजन समितीचा अध्यक्ष तोच होता. सुटाबुटातला, हसरा, भाषण ठोकणारा. मला मात्र तो आठवतो तो ओलाचिंब, गुडघे मुडपून होडीत बसलेला.

2012 ची गोष्ट. मी तेव्हा ऑनसाइट होतो, लंडनजवळ. ऑलिम्पिकची तिकिटं मिळवण्यासाठी ऑफिसातले गोरे लोक वर्षभर आधी लॉटरीचे अर्ज भरून बसलेले. आमच्यासारख्या उपऱ्यांना कुठली मिळायला! पण आदल्या दिवशी क्लायंटच्या टीममधल्या एकाची बायको आजारी पडली आणि त्याच्याकडचं एक तिकीट सुटलं. त्याने विचारलं, येतोस का? कशाचं तिकीट आहे हे न विचारताच मी हो म्हटलं. अर्ध्या दिवसाची रजा टाकली, लोकलने चेशन्टला उतरलो आणि गर्दीमागे चालत ली व्हॅली नावाच्या ठिकाणी पोचलो. तारीख 31 जुलै.

नदी बघायला मिळेल अशी माझी समजूत होती. नदी कसली! काँक्रीटचा कालवा. तीनशे मीटर लांब, वरपासून खालपर्यंत साडेपाच मीटर उतार, आणि पाणी पंपांनी वर चढवून सोडलेलं. खाली पोचलेली होडी पुन्हा वर न्यायला चक्क सरकता पट्टा, विमानतळावर बॅगा येतात तसा. पहिली पाच मिनिटं मी जरा नाक मुरडलं. मग पहिला माणूस वरून सुटला आणि पाण्याचा आवाज काय असतो ते कळलं. आमच्या टीम आउटिंगला कोलाडला कुंडलिकेत राफ्टिंग केलेलं होतं. तिथेही पाणी धरणातून सोडतात तेव्हाच येतं, नाहीतर नुसते गोटे. पण तिथे आठ जण एका रबरी राफ्टमध्ये, पुढे गाइड ओरडणार आणि मागे आम्ही किंचाळणार. इथे एकटा माणूस, साडेतीन मीटरची होडी, आणि हातात एकाच टोकाला पातं असलेलं वल्हं.

खेळ समजायला सोपा आहे. दोरीला लटकवलेल्या काठ्यांच्या जोड्या असतात, एकेक जोडी म्हणजे एकेक गेट. हिरवं-पांढरं गेट प्रवाहाच्या दिशेने पार करायचं, लाल-पांढरं उलट दिशेने. म्हणजे एवढ्या ओढीत खाली वाहून जाता जाता मधेच वळून, पाणी जिथे उलटं फिरतं त्या कोपऱ्यात घुसायचं आणि वर चढून गेट घ्यायचं. अशी अठरा ते पंचवीस गेटं. काठीला वल्हं लागलं, खांदा लागला, अगदी केस लागले तरी दोन सेकंदांचा दंड. गेट चुकलं तर पन्नास सेकंद, म्हणजे सामान आवरा आणि घरी जा. शेवटी वेळ अधिक दंड, बेरीज ज्याची कमी तो जिंकला.

कयाकमध्ये बसतात आणि वल्ह्याला दोन्हीकडे पाती असतात. कनूमध्ये गुडघ्यांवर बसायचं आणि पातं एकच. एकाच बाजूला वल्हवणाऱ्याला होडी सरळ ठेवायलाच अर्धी अक्कल लागते. दुसऱ्या बाजूला मारायचं झालं तर पुष्कळसे खेळाडू हात बदलत नाहीत, धड तसंच पिळून वल्हं होडीवरून पलीकडे नेतात. एवढं सगळं ऐंशी-शंभर सेकंदांत.

पण मला जी गोष्ट सगळ्यात जास्त आवडली ती वेगळीच. गेटांची मांडणी एकदा पक्की झाली की त्या मांडणीवर कुणालाही सराव करता येत नाही. दुसरेच कुणीतरी खेळाडू एकदा होडी नेऊन दाखवतात, ते बघायचं, काठावरून चालत जाऊन पाहणी करायची, आणि बाकी सगळं डोक्यात. टेस्ट एन्व्हायर्नमेंट नाही, थेट प्रॉडक्शनवर. आपल्यापैकी कितीजणांचा कोड असा पहिल्या फटक्यात धावेल? म्हणूनच हे लोक काठावर डोळे मिटून, हात हवेत फिरवत उभे असतात. लांबून बघणाऱ्याला वाटावं, अंगात आलंय.

त्या दिवशी गर्दी आली होती डेव्हिड फ्लॉरेन्स या ब्रिटिश खेळाडूसाठी. 2008 ला बीजिंगमध्ये त्याला रौप्य मिळालं होतं, आता घरच्या पाण्यावर सोनं घेणार असा सगळ्यांचा हिशोब. आणि हा बाबा उपांत्य फेरीतच बाहेर! माझ्या बाजूला एक आजोबा होते, गळ्यात झेंडा गुंडाळलेला. ते काही वेळ गप्प बसले, मग त्यांनी सँडविच काढलं, अर्धं मला दिलं आणि म्हणाले की आता खरी मॅच बघ, फ्रान्स आणि स्लोव्हाकियाची. मी विचारलं, कोण आहेत हे? त्यावर त्यांनी जे सांगितलं आणि नंतर मी वेड्यासारखं जे शोधून वाचलं, ते आता एकत्र सांगतो.

1996 च्या अटलांटा ऑलिम्पिकची स्लालम स्पर्धा टेनेसीत ओकोई नदीवर झाली. (तीही धरणाची नदी. त्या टप्प्यात एरवी पाणीच नसायचं, स्पर्धेसाठी सोडलं.) तिथे स्लोव्हाकियाचा मिखाल मार्टिकान सतरा वर्षांचा असताना सुवर्ण जिंकला. स्वतंत्र स्लोव्हाकियाचं हे पहिलंवहिलं ऑलिम्पिक सुवर्ण. देश तीन वर्षांचा, पोरगा सतरा वर्षांचा. त्याच शर्यतीत कांस्यपदक घेतलं पात्रीस एस्टांगे नावाच्या फ्रेंच माणसाने. टोनीचा थोरला भाऊ. पो नावाचं पिरेनीज पर्वताच्या पायथ्याचं गाव, बापही होडीवाला, घरात सगळ्यांना तेच वेड. टोनी पात्रीसपेक्षा पाच वर्षांनी लहान. लहान भाऊ जे करतो तेच याने केलं असणार, म्हणजे थोरला जिथे जाईल तिथे मागे मागे.

चार वर्षांनी सिडनीची निवडचाचणी आली. आणि त्यात टोनीने पात्रीसला हरवलं.

आजोबांनी हे वाक्य सहज सांगितलं आणि पुढे गेले. मी मात्र तिथेच थांबलो. त्यामुळे सिडनीचं पुढचं सगळं मला नंतर वाचावं लागलं: टोनी 231.87, मार्टिकान 233.76, टोनीला सुवर्ण. भावाचं कांस्य घरात शोकेसमध्ये होतं, त्याच्या शेजारी आता धाकट्याचं सोनं.

का थांबलो ते सांगायचं तर थोडं मागे जावं लागेल.

दादा माझ्यापेक्षा चार वर्षांनी मोठा. त्याच्यामागोमाग मी इंजिनिअरिंगला गेलो, त्याची पुस्तकं वापरली, त्याच्याच शिफारशीने त्याच्या कंपनीत लागलो आणि काही वर्षांनी त्याच्याच प्रोजेक्टवर आलो. तो मॉड्यूल लीड, मी त्याच्या हाताखाली. घरी दादा, ऑफिसात नावाने हाक मारायची असं आमचं ठरलेलं, पण माझ्या तोंडून दादाच यायचं. शेवटी सगळी टीमच त्याला दादा म्हणायला लागली. 2011 मध्ये लंडनची एक जागा निघाली, दोन वर्षांसाठी. ती दादाची, यात कुणाला शंका नव्हती. त्याने वारज्याला फ्लॅट घेतला होता, हप्ते सुरू झालेले, वहिनीला सातवा महिना. दोन वर्षं पौंडांत पगार म्हणजे निम्मं कर्ज फिटणार होतं.

एक दिवस मॅनेजरने मला केबिनमध्ये बोलावलं. क्लायंटला दोन नावं हवी आहेत, तूही फोनवर मुलाखत देऊन टाक, अनुभव म्हणून. ही 'अनुभव म्हणून'ची भाषा काय असते हे न कळण्याइतका मी लहान नव्हतो. गुरुवारी रात्री साडेआठची वेळ ठरली. दादा सात वाजता निघाला, बाइकची किल्ली फिरवत माझ्या टेबलाशी आला आणि म्हणाला, चल. मी म्हटलं, तू हो पुढे, बिल्ड तुटलंय, बघून येतो.

बिल्ड तुटलं नव्हतं.

मुलाखतीत त्या माणसाने मला डेडलॉकबद्दल विचारलं. दोन थ्रेड एकमेकांची वाट बघत अडकून बसतात, तर कसं शोधायचं, कसं टाळायचं. मी फार छान उत्तर दिलं. ते मला दादाने शिकवलं होतं, एका रविवारी, आमच्या गॅलरीत बसून, आईच्या कपडे वाळत घालायच्या दोरीवर दोन चिमटे लावून.

पुढच्या आठवड्यात मेल आली. माझं नाव. दादाने सगळ्यांसमोर माझी पाठ थोपटली, घरी पेढे आणले, आणि दोन महिन्यांनी मला मुंबई विमानतळावर सोडायलाही आला. एक्स्प्रेसवेवर खोपोलीपर्यंत आम्ही फक्त गाडीच्या ॲव्हरेजबद्दल बोललो.

बरं, टोनीने निदान चोरून तरी काही केलं नव्हतं. निवडचाचणी उघड्या पाण्यावर, घड्याळ सगळ्यांसमोर. हरलेल्या भावालाही आकडा दिसतो. माझ्या बाबतीत तेच तर नव्हतं. मला जागा जास्त गुणांनी मिळाली असेलही, पण ते कुणी कधी मोजलंच नाही, कारण दुसऱ्या खेळाडूला शर्यत आहे हेच मी कळू दिलं नव्हतं.

असो. आजोबांकडे परत येऊ.

2004, अथेन्स. पुन्हा तेच दोघे. टोनीची बेरीज 189.16. मार्टिकानची 189.28. फरक शून्य पूर्णांक बारा सेकंद, पापणी लवायला लागतो त्याहून कमी. आणि मार्टिकानच्या बेरजेत पंचांनी लावलेला दोन सेकंदांचा एक दंड होता. काठीला लागलं की नाही, यावर तेव्हा मोठा काथ्याकूट झाला. तो दंड नसता तर सोनं मार्टिकानचं. मला या प्रकरणात पंचांपेक्षा त्या दोघांबद्दल जास्त कुतूहल वाटतं. पंच लांबून बघतात, कॅमेरा एका कोनातून बघतो. पण दोन सेकंदांसाठी जीव टाकणाऱ्या माणसाला आपली कोपर कशाला घासली हे कळत नसेल? आणि जो जिंकला त्याला पोडियमवर उभं राहून काय वाटलं असेल? बारा शतांशाने जिंकलेलं सोनं शुद्धच असतं, पण ते रोज सकाळी तसं वाटतं का?

2008 ला फासे उलटे पडले. बीजिंगच्या उद्घाटनात फ्रान्सचा झेंडा टोनीच्या हातात, आणि चार दिवसांनी तो उपांत्य फेरीत नववा. अंतिम फेरीत आठच जण जातात! सोनं मार्टिकानला, बारा वर्षांनी. इथे कुणीही दुकान बंद केलं असतं. दोन सुवर्णं होती, तिशी आली होती, झेंड्याचा मानही मिळाला होता. पण या माणसाने 2009 आणि 2010 अशी लागोपाठ दोन जागतिक विजेतेपदं घेतली आणि चौतिसाव्या वर्षी लंडनला आला. काठावर मी, अर्धं सँडविच खाऊन.

अंतिम फेरीचं वर्णन मला धड करता येणार नाही. ज्याला खेळ त्याच दिवशी कळलाय त्याला बारकावे कुठून दिसणार? एवढंच आठवतं, बाकीचे पाण्याशी झगडताना दिसत होते आणि हा माणूस पाण्याला काहीतरी विचारून मग तिकडे जातोय असं वाटत होतं. कुठे घाई नाही. लाल गेटापाशी होडीचं शेपूट बुडायचं, नाक वर उठायचं आणि होडी जागेवर गर्रकन फिरायची. आकडा लागला 97.06. सिदेरिस तासियादिस या जर्मन पोराला 98.09, रौप्य. मार्टिकान 98.31, कांस्य. 1996 ते 2012 या पाच ऑलिम्पिकांतली या प्रकारातली पाचही सुवर्णं याच दोघांत वाटली गेली, तीन टोनीला आणि दोन मार्टिकानला. टोनीने तीन वेगवेगळ्या ऑलिम्पिकांत सुवर्ण घेतलं. पोडियमवर दोघे उभे होते, मधे टोनी आणि बाजूला तो, आणि आजोबा टाळ्या वाजवता वाजवता चक्क रडत होते. स्वतःचा माणूस हरलेला असताना.

त्या रात्री मी दादाला फोन केला. भारतात साडेअकरा वाजून गेले होते, पुतणीला दात येत होते त्यामुळे तो जागाच होता. मी त्याला सगळं सांगितलं. काँक्रीटची नदी, सरकता पट्टा, दोन सेकंद, पन्नास सेकंद, मार्टिकान, अथेन्स. निवडचाचणीही सांगितली. धाकट्याने थोरल्याला हरवलं म्हणे. तो म्हणाला, "अरे वा." मग मी दंडाचे नियम पुन्हा एकदा सांगितले. बिल्डबद्दल मात्र बोललो नाही. इंटरनॅशनल कॉलिंग कार्ड संपल्यावर जी बाई बोलते ती बोलली आणि फोन कटला.

त्यानंतरची बारा वर्षं पटकन सांगतो, कारण त्यात सांगण्यासारखं कमी आहे. मी परत आलो. दादाने कंपनी बदलली, मग अजून एकदा बदलली. वारज्याचं कर्ज त्याने दोन वर्षं उशिरा फेडलं. माझ्यामुळे उशीर झाला असं तो कधी म्हणाला नाही, मीही विचारलं नाही. गणपतीला, दिवाळीला भेटतो. आमच्यात भांडण असं काही नव्हतंच, त्यामुळे मिटवायलाही काही नव्हतं.

तिकडे टोनीने लंडननंतर वल्हं ठेवलं. पॅरिससाठी बोली लावणाऱ्यांत तो पुढे होता. 2017 मध्ये पॅरिसला ऑलिम्पिक मिळालं आणि आयोजनाची जबाबदारी त्याच्याकडेच आली. मार्टिकानला मात्र लंडननंतर पुन्हा ऑलिम्पिकला जाता आलं नाही. आपल्याच देशातल्या मातेय बेन्युशसारख्या खेळाडूंनी त्याची जागा घेतली. छोट्या देशाला एकच होडी मिळते आणि घरातच दोन-तीन जगज्जेते असतात, मग असं होतं. बेन्युशने रिओला रौप्य घेतलं, पॅरिसला कांस्य. म्हणजे ज्याने जागा घेतली तोही काही ऐरागैरा नव्हता. (आपल्याकडेही हा खेळ हळूहळू येतोय बरं का. खेलो इंडियाच्या युवा स्पर्धेत 2023 च्या सुरुवातीला महेश्वरला, नर्मदेच्या सहस्रधारेवर स्लालम झालं. अहिल्याबाईंच्या घाटापासून जवळच. एकदा जाऊन यायचं आहे.)

26 जुलै 2024. पॅरिसचं उद्घाटन, आपल्याकडे रात्री अकराला सुरू. दादा काही कामाने आमच्याकडे मुक्कामाला होता. बाकी सगळे झोपले, आम्ही दोघे टीव्हीसमोर. मैदान नाही, संचलन नाही. सगळे देश बोटींत बसून सीन नदीतून सहा किलोमीटर चाललेले, वरून धो धो पाऊस. कनूवाल्याच्या हातात कारभार दिला की असंच होणार, नदीवर नेऊन भिजवणार सगळ्यांना! बऱ्याच उशिरा टोनी भाषणाला उभा राहिला. मी म्हटलं, "दादा, हा तो. मी लंडनला बघितलेला."

"माहितीये," तो म्हणाला. "त्या रात्री तू चाळीस मिनिटं त्याच्याबद्दल बोललास. मला वाटलं आता सांगेल, मग सांगेल. तर तू परत काठ्यांवर."

मी काही बोललो नाही.

"मीटिंग रूमचं बुकिंग कॅलेंडरवर दिसायचं रे सगळ्यांना," तो म्हणाला. "गुरुवार, साडेआठ. तुझं नाव, क्लायंटचं नाव. सकाळीच बघितलं होतं मी."

"मग बाइकची किल्ली घेऊन माझ्या टेबलाशी कशाला आलास?"

"बघायला. काय सांगतोस ते."

टीव्हीवर टोनी बोलत होता, फ्रेंचमध्ये, आणि खाली धावणारं इंग्रजी भाषांतर मला वाचता येत नव्हतं. दादाने रिमोट उचलला, आवाज थोडा वाढवला आणि म्हणाला, "तो डेडलॉकचा प्रश्न मलाही विचारला होता त्यांनी. माझं उत्तर लांबलं. चहा टाकतोस का?"

मी उठून चहा टाकला. त्याला साखर कमी लागते आता.